मागे जाऊन पाहणारा प्रेक्षक

लॉस एंजेलिसमध्ये दोन मित्र होते. एक फ्रेडी वाँग, दुसरा ब्रँडन लाट्श. दोघांना सिनेमाचं वेड आणि तितकंच व्हिडिओ गेमचंही. शहर सिनेमाचं असलं तरी मोठ्या स्टुडिओच्या फाटकापाशी तिष्ठत बसायची गरज आता उरली नव्हती, कारण २००५ साली यूट्यूब सुरू झालं होतं. २००६ मध्ये फ्रेडीने ‘गिटार हीरो’ या गेमची प्लास्टिकची गिटार गळ्यात अडकवून ‘रश’ या बँडचं ‘वायवायझेड’ सर्वांत अवघड पातळीवर वाजवून दाखवलं. गिटार खोटी, पण बोटं खरी. तो व्हिडिओ जगभर फिरला. पुढे दोघं मिळून दोनतीन मिनिटांच्या ॲक्शन फिल्म काढू लागले. ऐन भरात असताना तर दर आठवड्याला एक.

त्या फिल्ममध्ये गेमचे कायदे खऱ्या रस्त्यावर लागू व्हायचे. नेमबाजीच्या गेममध्ये एक जुनी युक्ती आहे: आपल्याच पायाशी रॉकेट डागायचं आणि स्फोटाच्या धक्क्याने उंच उडून पलीकडे जायचं. गेममध्ये याचं कुणाला नवल वाटत नाही. पण खऱ्या रणांगणावर सैनिकाने हेच केलं तर? एवढ्याशा कल्पनेवर त्यांनी २०१० मध्ये एक फिल्म केली, आणि कंपनी काढली तेव्हा तिचं नावही ‘रॉकेटजंप’च ठेवलं.

यातलं बहुतेक सगळं खोटं होतं, आणि ते खोटं वठवण्यात दोघांचा हातखंडा होता. बंदुकीच्या नळीतून निघणारी ज्वाला नंतर संगणकावर बसवलेली. भिंतीवर उडणारा धुरळा वेगळा चित्रित करून वर चिकटवलेला. हवेत उडालेला माणूस भलतीकडेच उडी मारलेला. हे कसं केलं तेही ते लपवत नसत. दुसऱ्या एका चॅनेलवर पडद्यामागचे व्हिडिओ टाकून युक्त्या उलगडून सांगत. पाहणाऱ्या पोरांनी त्यावरून घरी प्रयोग केले. सांगण्याची ही सवय लक्षात ठेवा, ती पुढे कामाला येणार आहे.

या कामाचा एक नियम आहे. कॅमेरा जिथे ठेवलाय तिथून खरं दिसलं म्हणजे झालं. जुन्या संगीत नाटकाच्या पडद्यावर राजवाडा रंगवलेला असायचा. पहिल्या रांगेतल्या शेटजींना तो खांब-कमानींसकट दिसायचा, आणि मागे मात्र बांबू, सुतळी आणि विडी ओढत बसलेला पडदेवाला. कुणी उठून मागे जात नाही या भरवशावर तो राजवाडा उभा असतो. सिनेमाही त्याच भरवशावर चालतो. दिग्दर्शकाने कॅमेरा जिथे रोखला तिथेच लोक पाहणार, आणि जितका वेळ दाखवलं तितकाच वेळ पाहणार.

वेळेचीही चैन असते. तीन सेकंदांच्या स्फोटाला संगणकाने रात्रभर वेळ घेतला तरी बिघडत नाही. सकाळी चहा घेताना निकाल बघायचा, आवडला नाही तर पुन्हा लावायचा. लोकांपर्यंत जातात ती फक्त तीन सेकंदं.

दोघांचं नाव झालं. २०११ मध्ये त्यांनी लोकांकडे वर्गणी मागितली. ‘व्हिडिओ गेम हायस्कूल’ नावाची मालिका करायची होती: असं एक भविष्य, जिथे गेम खेळणं हाच जगातला सर्वांत मोठा खेळ झालाय आणि त्याची शाळा निघालीय. किकस्टार्टरवर पाऊण लाख डॉलर मागितले, तर जवळपास पावणेतीन लाख जमले. २०१२ मध्ये मालिका यूट्यूबवर आली. फ्रेडी, ब्रँडन आणि मॅथ्यू अर्नॉल्ड अशा तिघांनी ती दिग्दर्शित केली. नंतर आणखी दोन सीझन झाले.

ब्रँडन मात्र यातून बाहेर पडला. भरल्या ताटावरून उठणाऱ्याला आपल्याकडे शहाणा म्हणत नाहीत, तिकडेही म्हणत नसावेत. लाखोंनी पाहणारे लोक, पाठीशी कंपनी, हातात बसलेली कला, हे सगळं सोडून त्याने ॲलेक्स नॉल या साथीदाराबरोबर एक लहानसा गेम स्टुडिओ काढला. नाव ‘स्ट्रेस लेव्हल झीरो’. ताण शून्य. गेम करणाऱ्या कुणालाही विचारा, या धंद्यात इतकं खोटं नाव दुसरं सापडायचं नाही.

काळ तसा भारलेला होता. २०१२ मध्ये ऑक्युलस नावाच्या कंपनीने डोळ्यांवर चढवायच्या व्हीआर (आभासी वास्तवाच्या) हेडसेटसाठी वर्गणी काढली होती, आणि २०१४ मध्ये फेसबुकने ती कंपनीच सुमारे दोन अब्ज डॉलरना घ्यायचं ठरवलं. पाठोपाठ एचटीसी आणि व्हॉल्व्ह या दोन कंपन्या मिळून ‘व्हाइव्ह’ घेऊन येत होत्या. व्हाइव्हची करामत अशी होती की खोलीच्या कोपऱ्यांत दोन लहान डबे बसवायचे. त्यांतून लेझरचे झोत खोलीभर फिरतात, आणि त्यावरून हेडसेट व दोन्ही हातांतले कंट्रोलर आपण नेमके कुठे आहोत हे ओळखतात. म्हणजे माणूस चालला की त्या आभासी जगातही चालतो. वाकला की वाकतो. टेबलाखाली काय आहे ते बघायला गुडघ्यावर बसला, तर टेबलाखाली काहीतरी असावं लागतं.

नेमका इथे ब्रँडनच्या जुन्या विद्येचा पाया सुटला. प्रेक्षक उठून पडद्यामागे जाऊ शकत होता, आणि हमखास जाणार होता. लहान मूल नव्या घरात शिरलं की कपाटं उघडतं, तसंच हेडसेट घातलेला माणूस आधी वस्तूच्या मागे बघतो. एकाच बाजूने खरी दिसणारी ज्वाला इथे कागदाच्या कपट्यासारखी उघडी पडते.

रात्रभर थांबण्याची चैनही गेली. व्हाइव्हच्या पडद्यावर सेकंदाला ९० चित्रं उमटतात, म्हणजे एका चित्राला सुमारे ११ मिलिसेकंद, आणि तेही दोन डोळ्यांसाठी दोन वेगळी. सिनेमात सेकंदाला २४ चित्रं असतात आणि ती आधीच तयार असतात. इथे माणसाने मान वळवल्यावर चित्र तयार व्हायचं असतं. जरा उशीर झाला की पोटात ढवळायला लागतं. डोळे सांगतात आपण हलतोय, कानाच्या आतला तोल सांगतो आपण उभे आहोत, आणि या भांडणात बळी जातो तो जेवणाचा. घाटात एसटी लागणाऱ्यांना हे वेगळं समजावून सांगायला नको.

पहिली अडचण खोलीची होती. खेळणाऱ्याची खोली दहा बाय दहा, आणि गेममधलं मैदान मैलभर. चालत गेला तर भिंतीवर आपटेल. बसल्या जागी कंट्रोलरची काडी दाबून त्याला पुढे सरकवलं तर ओकेल. बऱ्याच स्टुडिओंनी तेव्हा उडी काढली: बोट दाखवाल तिथे तुम्ही अचानक प्रकट होता. ‘स्ट्रेस लेव्हल झीरो’च्या मंडळींनी दुसरा मार्ग धरला. त्यांनी खोलीलाच जहाज केलं.

त्यांच्या पहिल्या गेमचं नाव ‘हॉवर जंकर्स’. पृथ्वीवरचं पाणी आटलंय, आणि भंगारवाले आपापल्या तरंगत्या जहाजांवरून वाळवंटात हिंडतात, पाणी आणि भंगार मिळवण्यासाठी एकमेकांवर गोळ्या झाडतात. खेळणाऱ्याच्या खोलीत जेवढी मोकळी जागा, तेवढा त्या जहाजाचा डेक. जागा कमी असेल त्याला लहान जहाज, ऐसपैस असेल त्याला मोठं. वाळवंटातून धावायचं ते जहाजाने, आणि माणसाने फक्त डेकवर खऱ्या पायांनी चालायचं. पायाखाली डेक स्थिर दिसत असल्यामुळे पोटही बऱ्यापैकी शांत राहतं. गोळ्या चुकवायच्या तर भंगाराचे पत्रे जहाजाच्या कडेला लावायचे आणि त्यांच्याआड खरोखर खाली बसायचं. दहा मिनिटांत मांड्या भरून येतात. बैठका मारायला लावणारा गेम अशी त्याची थट्टा करता येईल, पण जागेच्या अडचणीलाच जहाज करणं ही कल्पना मला आजही त्या वर्षातली सर्वांत हुशार कल्पना वाटते.

५ एप्रिल २०१६ ला व्हाइव्ह बाजारात आला, आणि त्याच दिवशी ‘हॉवर जंकर्स’ही. मग दुसरी अडचण समोर आली, आणि ती तंत्राची नव्हती. व्हाइव्हची किंमत ७९९ डॉलर. शिवाय तो पेलेल असा दणकट संगणक वेगळा. यूट्यूबवर पाहायला फुकट येणारी गर्दी इथे खिशात हात घालून येणार नव्हती. बहुतेकांना ते परवडणारंच नव्हतं. त्यातून हा गेम इतरांबरोबर खेळायचा. व्हिडिओ रात्री तीन वाजता एकटा माणूसही पाहू शकतो. जहाजावर रात्री तीन वाजता एकटा माणूस चढला तर त्याला लढायला कुणी हवं ना? जगभरात हेडसेटच मोजके, त्यातून हा गेम घेतलेले आणखी मोजके, आणि त्यांतले त्या घटकेला जागे असलेले किती? सुरुवातीचा गलबला ओसरल्यावर मैदान रिकामं पडत गेलं. त्या वर्षी इतरांबरोबर खेळायच्या कितीतरी व्हीआर गेमची हीच गत झाली.

ब्रँडनच्या नावामागे जे लाखो लोक होते, ते व्हिडिओचे लोक होते. त्याने चॅनेल बदललं असतं तर ते आलेही असते. त्याने वस्तूच बदलली होती.

पुढचा गेम, ‘डक सीझन’, सप्टेंबर २०१७ मध्ये आला. तो एकट्याने खेळायचा होता, आणि त्यात योगायोग कमी, शहाणपण जास्त असावं. १९८०च्या दशकातलं अमेरिकन घर. आपण एक लहान मुलगा. आईने आणलेला नवा गेम टीव्हीला जोडलाय: हातात बंदूक, पडद्यावर उडणारी बदकं, आणि नेम चुकला की गवतातून डोकं वर काढून हसणारा कुत्रा. निन्टेन्डोचा ‘डक हंट’ खेळलेल्यांना हा कुत्रा ठाऊक आहे. आपल्याकडे नव्वदीत टीव्हीला जोडायच्या स्वस्त नकली यंत्रांवर ज्यांनी तो पाहिला, त्यांनी तर त्याला मनसोक्त शिव्या दिल्या आहेत. ‘डक सीझन’मध्ये हा कुत्रा पडद्यात राहत नाही. आपण बैठकीत बदकं मारत असतो, सहज मान वळते, आणि खिडकीबाहेर काहीतरी उभं असतं.

ही भीती कशी बांधली आहे ते बघण्यासारखं आहे. सिनेमात दिग्दर्शक खिडकीचा शॉट लावतो, संगीत चढवतो, आणि सगळं थिएटर एकाच क्षणी दचकतं. व्हीआरमध्ये मान प्रेक्षकाची. ती तुम्ही धरून वळवू शकत नाही, आणि वळवलीत तर त्याला चक्कर येईल. आवाज करा, उजेड हलवा, त्याचं लक्ष जाईल अशी व्यवस्था करा, आणि मग हात जोडून बसा. एखादा खेळणारा शेवटपर्यंत टीव्हीसमोर बदकंच मारत राहील आणि खिडकीकडे बघणारच नाही. आठवडाभर खपून केलेला प्रसंग त्याच्या पाठीमागे घडून जाईल. ही शक्यता ज्याला झेपत नाही त्याने या कामात पडू नये. ‘डक सीझन’चे शेवटही एकापेक्षा जास्त आहेत, आणि खेळणारा कसा वागला त्यावर त्याला कुठला मिळणार ते ठरतं.

मग आला ‘बोनवर्क्स’, १० डिसेंबर २०१९ ला. इथे थोडं थांबायला हवं, कारण या गोष्टीतली मुख्य घडामोड हीच.

तोवरच्या बहुतेक व्हीआर गेममध्ये खेळणाऱ्याला दोन हात असायचे, नुसते मनगटापुढचे, हवेत तरंगणारे. भिंतीवर हात नेला तर तो भिंतीतून आरपार जायचा. लोखंडी घण उचलला काय आणि पेला उचलला काय, सारखंच. ‘बोनवर्क्स’ने खेळणाऱ्याला सबंध शरीर दिलं: दंड, कोपर, छाती, पाय, आणि प्रत्येकाला वजन. तुमचा खरा हात पुढे गेला पण गेममध्ये समोर भिंत असेल, तर गेममधला हात भिंतीला टेकून थांबतो. जड वस्तू उचलली की गेममधला हात तुमच्या हातामागून सावकाश येतो, आणि कंट्रोलर जेमतेम पेरूएवढ्या वजनाचा असूनही मेंदू बिनतक्रार मान्य करतो की हे ओझं आहे. काठीचं टोक धरून फिरवली तर डुगडुगते, मध्यावर दुसरा हात लावला की ताब्यात येते. पहार कट्ट्याच्या कडेला अडकवून खाली ओढली तर अंग वर उचललं जातं, कारण पहार खरोखर अडकलेली असते. तिथे ‘वर चढा’ असं बटण कुणी ठेवलेलं नाही.

एवढं दिल्यावर खेळणारे काय करतात? जे करू नये ते करतात. समजा, भिंतीपलीकडे जायला किल्ली शोधायची आहे. खेळणारा किल्ली शोधत नाही. आसपासची खोकी, पिंपं, खुर्ची, मेलेल्या शत्रूचा देह, जे सापडेल ते एकावर एक रचतो आणि भिंतीवरून पलीकडे उतरतो. कोडं रचणाऱ्याने योजलेला रस्ता तसाच पडून राहतो. अशा वेळी बऱ्याच गेममध्ये न दिसणारी भिंत उभारतात: वर चढता येतंय असं दिसतं, पण हवेतच कशाला तरी डोकं आपटतं. ‘बोनवर्क्स’मध्ये असा रचून काढलेला रस्ता चालतो. खोक्याला वजन आहे आणि तुमच्या पायाला जोर आहे, तर तुम्ही वर चढलात हे खरंच आहे, ते नाकारायचं कसं?

ज्याने आयुष्याची उमेदीची वर्षं चौकट आखण्यात घालवली, प्रेक्षकाची नजर कुठे, किती वेळ राहील याचा हिशोब केला, त्याच्या हातून हा गेम झाला. दाखवणाऱ्याचा अभिमान सोडल्याशिवाय असं खोकं रचू देता येत नाही. व्हिडिओत लोक मध्येच उठून गेले की फिल्म पडली असं धरतात. इथे माणूस ठरल्या वाटेवरून उठून भलतीकडे गेला आणि तिथेही त्याला काहीतरी सापडलं, म्हणजे काम जमलं.

फार कौतुकही नको. ‘बोनवर्क्स’मध्ये खोट होती आणि लोकांनी ती सुनावली. चढताना गेममधला पाय कड्याला अडकून बसायचा आणि माणूस बेडकासारखा लोंबकळायचा. टप्प्याच्या मध्येच गेम बंद केला तर तो टप्पा पहिल्यापासून. आणि पोट. हा गेम व्हीआरला सरावलेल्यांसाठी आहे असा इशारा स्टुडिओने स्वतःच दिला होता. तीन महिन्यांनी, २३ मार्च २०२० ला, व्हॉल्व्हचा ‘हाफ-लाइफ: ॲलिक्स’ आला. त्याने वेगळा निर्णय घेतला होता: खेळणाऱ्याला फक्त हात द्यायचे, दंड-कोपर नाहीत, हालचालीला हवी तर उडीची सोय, आणि जग असं घासूनपुसून ठेवायचं की कुणी अडखळू नये. पहिल्यांदाच हेडसेट घालणाऱ्या पाहुण्याच्या डोक्यावर मी ‘ॲलिक्स’च चढवीन. ‘बोनवर्क्स’ चढवला तर शेजारी बादली ठेवीन. पण वस्तूला वजन असणं म्हणजे काय ते कळायला ‘बोनवर्क्स’च लागतो.

एक गोष्ट मात्र ब्रँडनबरोबर जुन्या घरातून आली आणि कामाला आली, ती सांगण्याची. व्हीआर गेमची जाहिरात करणं हे मोठं दुखणं आहे. सपाट पडद्यावर त्याचा व्हिडिओ पाहिला तर दिसतं काय? हलणारं चित्र आणि वेडेवाकडे फिरणारे दोन हात. वजन दिसत नाही, खोली दिसत नाही. ब्रँडन गेम तयार होत असतानाच स्वतः हेडसेट घालून खेळायचा आणि खेळता खेळता बोलायचा: हे असं का धरलं, ते तसं का अडकलं, गेममधला हात मागे का राहिला. पडद्यामागच्या युक्त्या सांगणाऱ्या त्या जुन्या व्हिडिओंचीच ही रीत. ज्यांनी आयुष्यात हेडसेट पाहिला नव्हता त्यांनाही त्यातून कळलं की इथे काहीतरी नवं चाललंय. ज्वाला चिकटवण्याची कला मागे राहिली, समजावून सांगण्याची कला बरोबर आली. कामातलं नेमकं काय बरोबर न्यायचं हे आधी ठरवता येत नाही, असं यावरून दिसतं. तो निघाला तेव्हा कुणी विचारलं असतं, तर सगळ्यांनी त्याची जमेची बाजू म्हणून स्फोटांकडेच बोट दाखवलं असतं.

२९ सप्टेंबर २०२२ ला ‘बोनलॅब’ आला. आता तो दणकट संगणकाशिवाय, नुसत्या क्वेस्ट २ या हेडसेटवरही चालणार होता. म्हणजे ‘बोनवर्क्स’मध्ये मोठ्या यंत्राला घाम फोडणारा हिशोब आता मोबाइलच्या जातीच्या चिपवर बसवायचा होता. तो बसवला. पण माझ्या मते ‘बोनलॅब’मधली मोठी गोष्ट दुसरीच. त्यात खेळणारा दुसऱ्याचं शरीर घालू शकतो, आणि त्या शरीराच्या मापावरून त्याची ताकद, वेग आणि वजन ठरतं. आडदांड देह घेतला तर घण सहज उचलेल, पण पळताना जड होईल. किडकिडीत घेतला तर उलट. आणि ही शरीरं खेळणाऱ्यांनी स्वतः तयार करून आणायची मुभा आहे. नुसती शरीरंच काय, हत्यारं आणि अख्खे टप्पेसुद्धा. लोकांनी ती ढिगाने आणली. कुणी कार्टूनमधले प्राणी आणले, कुणी सिनेमातले राक्षस.

इथेही बोल लागला. अनेकांना गेमची मूळ कथा तोकडी वाटली. काही काम खेळणाऱ्यांच्या गळ्यात टाकलंय असं म्हणणारे होते, आणि ते पुरते चुकीचे नव्हते. तरी ऑक्टोबर २०२२ मध्ये फेसबुकवाल्या मार्क झुकरबर्गने जाहीरपणे सांगितलं की ‘बोनलॅब’ने पहिल्या तासाच्या आत दहा लाख डॉलर कमावले. रिकाम्या वाळवंटातलं ते जहाज आणि हा तास, यांच्यात साडेसहा वर्षं गेली होती.

आणि फ्रेडी? ‘व्हिडिओ गेम हायस्कूल’चे तीन सीझन २०१४ पर्यंत पुरे झाले. त्यानंतरही तो पडद्यासाठी काम करत राहिला. २०१९ मध्ये मात्र तो चार साथीदारांबरोबर ‘डंजन्स अँड डॅडीज’ नावाच्या पॉडकास्टमध्ये बसला, आणि तो चांगलाच चालला. पाच जणं टेबलाभोवती बसून फासे टाकतात आणि त्या फाशांवर गोष्ट पुढे सरकते. दिसत काहीच नाही, नुसते आवाज. एका मित्राने प्रेक्षकाला चारी बाजूंनी बघायला दिलं, दुसऱ्याने त्याच्यासमोर बघायला काही ठेवलंच नाही. ज्या चौकटीने दोघांना नाव दिलं, ती दोघांनीही आपापल्या वेळी खाली ठेवली, आणि दोघांचंही बरं चाललंय.

आपल्याकडे मोबाइलवर रील करणारी पोरंपोरी गावोगाव आहेत आणि त्यांतल्या कितीतरी जणांच्या डोक्यात गेम करायचं आहे. त्यांच्यासाठी एवढंच. ‘बोनवर्क्स’ ज्या युनिटी या सॉफ्टवेअरवर झाला, त्याची सुरुवातीची आवृत्ती फुकट मिळते. हेडसेट नसला तरी चालेल, साध्या पडद्यावर सुरू करा. अख्खं जग करायला जाऊ नका. एक खोली करा, तिला एक दार करा, आणि ते नीट उघडू-मिटू द्या. मग ते मित्राच्या हातात द्या आणि तोंड बंद ठेवून तो काय करतो ते बघा. त्याने दाराला हातच लावला नाही आणि सरळ खिडकीकडे गेला, तर त्याच्यावर चिडू नका. खिडकीच्या कामाला लागा.